सतराव्या कॅसेटची बी बाजू

शारजाच्या रोल्ला भागातल्या ‘नबिला इलेक्ट्रॉनिक्स’मध्ये राजाभाऊ सावर्डेकर गेली अडतीस वर्षं रिपेअरिंगच्या टेबलामागे बसत होते. दुकानाला नाव जुन्या अरबी मालकाच्या मुलीचं. ती नबिला आता स्वतः आजी झाली होती, पाटी मात्र तीच होती. एके काळी या टेबलावर टेपरेकॉर्डर ठेवायला जागा पुरत नसे. आता जळालेला मिक्सर, न चालणारा रिमोट, कुणाचा तरी राइस कुकर, एवढंच येई. मुलगा अंकुर दर आठवड्याला म्हणे, "बाबा, आता खलास करा. दुबईला, मनखूलला या आमच्याकडे." राजाभाऊ "इन्शाल्ला" म्हणत आणि विषय मिटवत.

एका रविवारी मनखूललाच सगळे जेवायला बसले असताना सून आभा म्हणाली, "बाबा, आमच्या फ्लोअरवर मार्ता म्हणून टीचर आहे ना, तिची आई आलीये अमेरिकेहून. हिप रिप्लेसमेंट इथेच झालंय, त्यामुळे सात-आठ महिने इथेच राहणार. हिस्टोरियन आहे. दोन मोठ्या बॅगा भरून कॅसेट्स आणल्यात तिने. त्या कॉम्प्युटरवर घ्यायच्यात. दुबईत तीन ठिकाणी फिरली, पण सगळे म्हणाले, इतक्या जुन्या कॅसेटला हात नाही लावणार. मी बोलून बसले, माझे फादर-इन-लॉ करतील."

"किती आहेत?"

"एकशे चाळीस."

राजाभाऊंचा घास हातातच राहिला. छायाबाईंनी नवऱ्याकडे पाहिलं आणि त्या हसल्या. हा माणूस आता आणखी वर्षभर दुकान बंद करत नाही, हे त्यांना तेव्हाच कळलं.

बाईंचं नाव एलोइसा. पंचाहत्तरीला टेकलेल्या, ठेंगण्या, पांढऱ्या केसांची घट्ट वेणी, हातात काठी. त्या न्यू मेक्सिकोच्या डोंगरातल्या रेमान्सो नावाच्या खेड्यातल्या. तो मुलूख आधी स्पेनचा, मग मेक्सिकोचा, मग अमेरिकेचा झाला, पण गावात बोलली जायची ती जुनी स्पॅनिश, आणि शेजारच्या पठारांवर त्याही आधीपासून राहणारे मूळचे लोक. ऐंशीच्या दशकात एलोइसाबाई खांद्याला टेपरेकॉर्डर लावून घरोघर फिरल्या होत्या. म्हातारी माणसं बोलत गेली, त्या टेप करत गेल्या. कुठल्या शेताला कुणाचं नाव होतं, कुठल्या आजारावर कुठला पाला, लग्नात काय म्हणायचे, मेल्यावर काय म्हणायचे. त्यातलं आता एकही माणूस हयात नव्हतं. मागच्या वर्षी जंगलाला वणवा लागला आणि आग त्यांच्या घरापासून दोन मैलांवर येऊन थांबली, तेव्हापासून कॅसेट्स नजरेआड करायचा त्यांचा धीर होत नव्हता.

"ऑपरेशनला निघाले तेव्हा मुलगी म्हणाली, कपडे आण," त्या राजाभाऊंना इंग्रजीत सांगत होत्या. "मी कपडे दोनच जोड आणले. बाकी हे."

राजाभाऊंनी एक कॅसेट उचलून उजेडात धरली. पट्टीच्या कडेला पांढरी बुरशी होती. आतली दाबपट्टी, ती फेल्टची चिमुकली गादी, गळून पडली होती. त्यांनी ती नाकाजवळ नेऊन हुंगली. "होतील," ते म्हणाले. "सगळ्या नाही होणार कदाचित. पण होतील."

मंगळवार आणि गुरुवार ठरले. सकाळी दहाला आभा किंवा मार्ता बाईंना टॅक्सीत बसवून देत. राजाभाऊ प्रत्येक कॅसेट उघडत, पट्टी स्पिरिटने पुसत, नव्या डबीत भरत. मग त्यांच्या जुन्या डेकला लावून छोट्या स्क्रू-ड्रायव्हरने पट्टीवरचा आवाज वाचणाऱ्या हेडचा स्क्रू केसभर इकडे, केसभर तिकडे फिरवत. घुसमटलेला आवाज एका ठिकाणी येऊन एकदम मोकळा होई. कुणीतरी खोलीचं दार उघडावं, तसा. बाई हेडफोन लावून स्टुलावर बसत आणि वहीत तपशील लिहीत. आवाज कुणाचा, गाव कुठलं, तारीख काय, विषय काय. राजाभाऊंना स्पॅनिशचा एक शब्द कळत नव्हता, पण दिवसभर ऐकून ऐकून कान तयार होत गेला. एकदा त्यांनी विचारलं, "मॅडम, हे सगळे सारखं असेकिया, असेकिया म्हणतात, ते काय?"

"पाट. शेताला पाणी नेणारा. गावाचं सगळं राजकारण त्या पाटावर चालतं."

"साकिया?" राजाभाऊ म्हणाले. "इथे अरबीत पाण्याच्या पाटाला तेच म्हणतात."

एलोइसाबाई मनापासून हसल्या. "तिथूनच आलाय तो. अरबांकडून स्पेनला, स्पेनहून आमच्या डोंगरात. चार पुस्तकांत मी हे लिहिलंय, पण मला ते कुणी असं आपणहून सांगितलं नव्हतं."

त्या दिवसापासून दोघांत जरा मोकळेपणा आला. छायाबाई डब्यात दोघांपुरतं देऊ लागल्या. थालीपीठ बाईंना विशेष आवडलं. एकदा छायाबाई स्वतःच डबा घेऊन आल्या, बाईंना पाहिलं आणि नवऱ्याला मराठीत म्हणाल्या, "अहो, या तर अगदी आपल्या सगुणामावशींसारख्या दिसतात. गालाची हाडं बघा." राजाभाऊंनी भाषांतर करून सांगितलं. बाई हसल्या खऱ्या, पण हात नकळत गालाकडे गेला.

सतराव्या कॅसेटपाशी अडलं.

ती कासिमिरा नावाच्या शहाऐंशी वर्षांच्या आजींची होती. राजाभाऊंनी ए बाजू लावली. आजी पीचची फळं वाळवण्याबद्दल सांगत होत्या, असं बाई म्हणाल्या. मध्येच एका शब्दाच्या पोटात आवाज तुटला आणि भलत्याच वाक्यात उगवला. राजाभाऊंनी बी बाजू लावली. तिथेही, साधारण मधल्याच भागात, तसंच. त्यांनी डबी उघडून पट्टी हाताने सरकवत नेली. एके ठिकाणी जोड होता. साध्या चिकटपट्टीने लावलेला, पिवळा पडलेला, डिंक बाहेर आलेला.

"तुटली असेल," बाई म्हणाल्या.

राजाभाऊंनी भिंग पुढे केलं. "तुटलेली पट्टी ताणली जाते, मॅडम. टोकं दोऱ्यासारखी होतात. ही सरळ आहेत. ही कात्रीने कापलीय." आणि मग, कामातल्या माणसाला हिशेब पुरा केल्याशिवाय राहवत नाही म्हणून, ते बोलून गेले, "साठ मिनिटांची कॅसेट आहे. प्रत्येक बाजूला चार मिनिटं कमी भरतात. म्हणजे अकरा मीटरच्या वर पट्टी गेलीय. पट्टी एकच असते ना, एका बाजूचं कापलं की दुसऱ्या बाजूचंही जातं. कुणी केलं असेल हे? तुमच्या मागे कुणी हात लावायचं का?"

बाईंनी हेडफोन काढून टेबलावर ठेवला. "आज मी जरा लवकर निघते," त्या म्हणाल्या.

गुरुवारी त्या आल्या नाहीत. पुढच्या मंगळवारीही नाही. आभाचा फोन आला. "बाबा, काही झालं का? आंटी रूममधून बाहेरच येत नाहीयेत. मार्ता विचारतेय, पाय दुखतोय का, तर नाही म्हणतात."

राजाभाऊंना आपण काय चुकलो ते कळेना. संध्याकाळी चहा घेताना त्यांनी छायाबाईंना सगळं सांगितलं. छायाबाई म्हणाल्या, "आपल्या कॅसेट्स आठवतात का तुम्हाला?"

आठवत होत्या. लग्नानंतरची पहिली सहा वर्षं छायाबाई चिपळूणला होत्या. फोन परवडत नसे, पत्रात मन रमत नसे. येणाऱ्या-जाणाऱ्याबरोबर कॅसेट जाई. त्या तिकडे बोलून पाठवत, राजाभाऊ रात्री खोलीवर ऐकत, आणि मग त्याच कॅसेटवर आपलं उत्तर बोलून परत धाडत. सहा वर्षं त्याच दोन कॅसेट्स फिरत राहिल्या. जगाची कॅसेट दुरुस्त करून देणाऱ्या माणसाकडे बायकोचा त्या वयातला आवाज नव्हता. त्यांनी स्वतःच तो पुसला होता, दर महिन्याला, त्यावर "मी इकडे ठीक आहे" असं बोलून.

"काय बोलायचीस गं तू तेव्हा?"

"मला काय आठवतंय. अंकुरला दात आला, विहिरीला पाणी कमी आहे, असंच." छायाबाईंनी कप उचलले. "तुम्ही पुसलंत ते मुद्दाम नाही. पण कुणी विचारलं असतं, कुणी पुसलं हो, तर तुम्हालाही तोंड दाखवावंसं वाटलं नसतं."

राजाभाऊंच्या तेव्हा लक्षात आलं. कात्री कुणाची, ते.

त्यांनी फोन केला नाही. सतरावी कॅसेट बाजूला ठेवून अठरावी घेतली, मग एकोणिसावी. दहा दिवसांनी एलोइसाबाई दुकानाच्या दारात उभ्या राहिल्या. बाजूच्या कॅफेटेरियातून राजाभाऊंनी चहा मागवला, पण त्यांनी तो घेतला नाही. पर्समधून शिवणाच्या सामानाची एक पत्र्याची डबी काढली. डबीत लाकडी रीळ होतं, दोऱ्याचं असतं तसं, आणि त्यावर दोऱ्याऐवजी तपकिरी पट्टी गुंडाळलेली.

"एकोणचाळीस वर्षं," त्या म्हणाल्या. "फेकता आली नाही. पहिला तुकडा मी खिशात कोंबला होता, तो चुरगळलाय. बाकीचा गुंडाळून ठेवला."

मग त्यांनी सांगितलं. त्या साली त्यांचे वडील हृदयाच्या दुखण्याने अंथरुणाला होते. रोज संध्याकाळी लेकीने आणलेली कॅसेट ऐकणं हाच त्यांचा विरंगुळा. वडील म्हणजे गावातलं मोठं प्रस्थ. जत्रेत घोड्यावर बसून स्पेनच्या कप्तानाचं सोंग चाळीस वर्षं त्यांनीच घेतलं. आपलं घराणं थेट स्पेनहून आलंय, आपल्या रक्तात दुसरं काही नाही, हे ते देवाच्या नावासारखं म्हणत. आणि कासिमिरा आजींनी बोलता बोलता, अगदी सहज, टेपवर सांगून टाकलं होतं की या वडिलांची आजी, रुफिना, स्पॅनिश नव्हतीच. ती पठारावरच्या मूळच्या लोकांतली, नावाहोंची मुलगी. पाच-सहा वर्षांची असताना धाडीत पकडून आणलेली. एका खेचराच्या बदल्यात या घरात विकलेली. बाप्तिस्मा देऊन तिला नाव दिलं, घरात वाढवलं, राबवलं, आणि पुढे घरातल्याच मुलाशी लग्न लावलं. गावातल्या म्हाताऱ्यांना हे सगळं ठाऊक होतं. बोलत कुणी नव्हतं.

"वडिलांना ऐकवायच्या आधी मी कापलं. भरतकामाच्या कात्रीने. म्हटलं, ते बरे झाले की परत जोडेन. पुढच्या वर्षी ते गेले. मग म्हटलं, भावाला वाईट वाटेल. मग माझं पुस्तक आलं." त्या थांबल्या. "त्यात मी आमच्या घराण्याची वंशावळ दिलीय. रुफिनाच्या नावापुढे लिहिलंय, ‘स्पॅनिश कुटुंबातील’. छापून आहे ते. लोक त्याचे दाखले देतात. मी दुसऱ्या सगळ्यांच्या आज्या जपल्या, मिस्टर राजा."

राजाभाऊंनी रीळ हातात घेतलं. "हे आधी सरळ करावं लागेल," ते म्हणाले. "घट्ट गुंडाळून आठ दिवस ठेवतो. मग बघू."

आठ दिवसांनी त्यांनी पट्टी जागच्या जागी जोडली. या वेळी योग्य त्या जोडपट्टीने, टोकाला टोक भिडवून. बाई स्टुलावर बसल्या. बी बाजू सुरू झाली. कासिमिरा आजींचा आवाज आला, खरखरीत, जरा हसरा. पहिल्या दोन मीटरला घड्या पडलेल्या होत्या, तिथे आवाज बुडे आणि वर येई. बाई डोळे मिटून ऐकत होत्या. पुढचा भाग स्वच्छ होता. रुफिनाची गोष्ट तिथेच होती. खेचर होतं, धाड होती, लग्न होतं.

राजाभाऊ मात्र मागे गेले. घडीच्या जागी त्यांना काहीतरी खटकलं होतं. त्यांनी तो भाग पुन्हा लावला, मग पुन्हा.

"मॅडम, इथे त्या काय बोलतात?"

"सांगतायत की रुफिना जात्यावर मका दळताना काहीतरी पुटपुटायची. पुढचं कळत नाही, आवाज गेलाय."

"आवाज गेलाय, पण थोडा आहे. आणि ते स्पॅनिश नाही."

"तुम्हाला काय माहीत?"

"मी दोन महिने स्पॅनिशच ऐकतोय. हे तसं वाजत नाही. श्वास मध्येच अडवल्यासारखा होतो."

बाई उठून उभ्या राहिल्या. राजाभाऊंनी डेकचं झाकण काढलं, कापसाची बारीक काडी घेतली आणि पट्टी चालू असताना घडीच्या जागेवर ती हेडला अलगद टेकवून धरली. जोर जास्त झाला तर पट्टी अडकेल, कमी झाला तर आवाज येणार नाही. तीनदा बिघडलं. दुकानात रिमोट घ्यायला आलेल्या माणसाला त्यांनी मान वर न करता "दस मिनट, भाई" म्हणून थोपवलं. चौथ्या खेपेला आवाज वर आला. कासिमिरा आजी दुसऱ्याच कुणाची तरी नक्कल करत असल्यासारख्या, बारीक लयीत, पंधरा-वीस शब्द म्हणत होत्या. मग स्पॅनिशमध्ये म्हणाल्या, आणि ते बाईंनी जागच्या जागी इंग्रजीत सांगितलं, "याचा अर्थ मला ठाऊक नाही. तिलाही शेवटी ठाऊक नव्हता. पण ती हे रोज म्हणायची. मी शेजारी बसून पाठ केलं."

एलोइसाबाई पुन्हा स्टुलावर बसल्या. त्यांचा चेहरा पाहून राजाभाऊंनी डेक बंद केला आणि रिमोटवाल्याकडे वळले. त्याचा रिमोट उघडला, साफ केला, परत दिला. तेवढ्या वेळात बाईंनी डोळे पुसले होते.

"मी फक्त एक लाज कापली, असं मला इतकी वर्षं वाटत होतं," त्या म्हणाल्या. "तिच्याकडचं तिचं स्वतःचं असं एवढंच उरलं होतं. तेही मी कापलं."

"कापलंत, पण ठेवलंत," राजाभाऊ म्हणाले. "मी तर पुसून टाकलं." आणि त्यांनी चिपळूणच्या कॅसेट्सची गोष्ट सांगितली. बाईंनी ती नीट ऐकून घेतली, मधे प्रश्न विचारले, तारखा विचारल्या. सवयच ती. शेवटी विचारलं, "तुमच्या पत्नी अजून आहेत ना? मग तुम्ही वाट कसली बघताय?"

त्या आठवड्यात एलोइसाबाईंनी दोन गोष्टी केल्या. मूळ गावाजवळ नावाहो शाळेत भाषा शिकवणाऱ्या एका शिक्षिकेला त्यांनी तो आवाजाचा तुकडा पाठवला, आणि भावाला व्हिडिओ कॉल लावून सगळं सांगितलं. मार्ता शेजारीच बसली होती. भाऊ ऐंशी वर्षांचा. त्याने ऐकून घेतलं, "मेलेल्यांना कशाला उठवतेस," म्हणाला आणि फोन ठेवला. तो नंतर कितीतरी दिवस उचलला नाही. मार्ताने मात्र आईला ती चार मिनिटं तीनदा लावायला सांगितली. मग म्हणाली, "मला शाळेत सगळे विचारायचे, तू कुठली. मी कधी नीट उत्तर देऊ शकले नाही." आईवर चिडली का, असं आभाने नंतर विचारलं, तेव्हा ती म्हणाली, चिडले ना, अजून चिडलेय.

शिक्षिकेचं उत्तर तीन आठवड्यांनी आलं. बाई ते छापून दुकानात घेऊन आल्या. लिहिलं होतं की शब्द झिजलेले आहेत, कारण अर्थ न कळणाऱ्या तोंडांतून ते आले. मेंढरं हा शब्द नक्की आहे. आई हा शब्दही बहुतेक आहे. मेंढरांना घराकडे वळवताना लहान मुलं म्हणतात, तसं काही असावं. त्याहून जास्त सांगणं प्रामाणिकपणाचं होणार नाही. खाली एक ओळ होती, की हे आमच्याही लेकीचं आहे, तेव्हा याची एक प्रत आमच्या शाळेला द्याल का.

"दिली?" राजाभाऊंनी विचारलं.

"त्याच दिवशी. त्यांचंच आहे ते, विचारायलाही नको होतं त्यांनी."

कॅसेट्स संपायला नोव्हेंबर उजाडला. एकशे चाळीसपैकी एकशे तेहतीस निघाल्या. सातांची पट्टीच विरघळली होती, त्यांना राजाभाऊ काही करू शकले नाहीत. परत जायच्या आदल्या आठवड्यात बाई म्हणाल्या, "एक कोरी कॅसेट मिळेल? माझा आवाज घ्यायचाय. बाकीच्यांसारखाच, कॅसेटवर."

राजाभाऊंनी खालच्या खणातून एक न उघडलेली कॅसेट काढली. दुकानाचं शटर अर्धं ओढलं, रस्त्याचा आवाज नको म्हणून. बाईंनी आपलं नाव सांगितलं, गाव सांगितलं, आईवडिलांची नावं सांगितली, जसं त्या चाळीस वर्षांपूर्वी दुसऱ्यांना सांगायला लावत. मग स्पॅनिशमध्ये बराच वेळ बोलल्या. राजाभाऊंना ‘रुफिना’ कळलं, ‘कासिमिरा’ कळलं, कात्रीला ते काय म्हणतात तेही आता ठाऊक झालं होतं. एके ठिकाणी त्यांना स्वतःचं नाव आणि ‘शारजा’ ऐकू आलं. पुस्तकातली ती ओळ चुकीची आहे, ती मी जाणूनबुजून लिहिली, आणि सतरावी कॅसेट कुणी, केव्हा, का कापली, हे सगळं या कॅसेटवर आहे, असं त्यांनी नंतर सांगितलं. पेटीत ती सतरावीच्या शेजारी ठेवायची, असं त्यांनी वहीत मोठ्या अक्षरात लिहिलं.

जाताना त्यांनी राजाभाऊंचा हात दोन्ही हातांत धरला. विमानात कॅसेट्स कुठल्या बॅगेत ठेवायच्या यावर मार्ताशी त्यांचा वाद झाला आणि त्यात त्या जिंकल्या, असं आभाने सांगितलं. घरी पोचल्यावर बाईंचा पहिला निरोप आला, तो भावाबद्दल होता. तो विमानतळावर घ्यायला आला होता. बोलला काही नाही, पण बॅगा त्याने स्वतः उचलल्या.

दुसऱ्या दिवशी दुपारी राजाभाऊंनी छायाबाईंना दुकानात बोलावून घेतलं. त्या डबा घेऊन आल्या, तर टेबलावर माईक मांडलेला.

"हे काय?"

"बस. तुझं नाव सांग. मग गाव. मग विहिरीचं सांग."

"कुठल्या विहिरीचं?"

"चिपळूणच्या. पाणी कमी होतं म्हणालीस ना."

"अहो, दुपारचं जेवायचं सोडून हे काय," छायाबाई म्हणाल्या, पण पदर सावरून स्टुलावर बसल्या. राजाभाऊंनी बटण दाबलं. छायाबाईंनी माईककडे पाहिलं, नवऱ्याकडे पाहिलं, घसा साफ केला आणि म्हणाल्या, "विहिरीला पाणी कमी नव्हतं खरं तर. मी तसं सांगायचे, कारण तुम्ही लवकर याल असं वाटायचं."